'मुस्तफा'चे जतन : आर्केड खेळ, एम्युलेटर आणि लोकस्मृती

प्रस्तावना

वगाची संहिता छापून झाली म्हणजे तमाशाचे जतन झाले, असे नारायणगाव परिसरातील कोणीही जाणकार म्हणणार नाही. संहिता उरते, ढोलकी, सोंगाड्याची हजरजबाबी आणि समोरचा प्रेक्षक उरत नाही. कळंब, मंचर, नारायणगाव या पुणे-नाशिक महामार्गावरील पट्ट्यात अध्यापन करणाऱ्यांना ही गोष्ट वेगळी सांगण्याची गरज नाही. हाच प्रश्न आज एका निराळ्या आणि मराठी समीक्षेने फारसे लक्ष न दिलेल्या कलाप्रकाराबाबत उपस्थित होतो. नाणे टाकून खेळावयाचे आर्केड व्हिडिओ गेम मूळ यंत्रांवर आता क्वचितच पाहावयास मिळतात. ते टिकून आहेत मुख्यतः 'एम्युलेटर' या संगणकीय साधनामुळे. या जतनातून काय टिकते व काय निसटते, याची चिकित्सा एका खेळाच्या आधारे करणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

एम्युलेटरचे कार्य

आर्केड यंत्रातील खेळ हा त्यातील सर्किट बोर्डावरच्या चिपांमध्ये साठविलेला असतो. एम्युलेटर त्या बोर्डावरील प्रोसेसर, चित्र आणि ध्वनी या घटकांचे वर्तन आजच्या संगणकावर घडवून आणतो. चिपांमधून उतरवून घेतलेला मूळ प्रोग्राम मग जणू जुन्याच यंत्रात असल्याप्रमाणे चालतो. निकोला साल्मोरिया या इटालियन प्रोग्रामरने १९९७ मध्ये सुरू केलेला 'मेम' हा या क्षेत्रातील प्रमुख प्रकल्प होय. जुन्या यंत्रांची रचना नोंदवून ठेवणे हे त्याचे घोषित उद्दिष्ट असून खेळता येणे हा त्याचा आनुषंगिक लाभ मानला जातो.

या कार्याची निकड एका उदाहरणावरून स्पष्ट होईल. कॅपकॉम या जपानी कंपनीने १९९३ पासून वापरात आणलेल्या 'सीपीएस-२' बोर्डांमध्ये प्रोग्राम कूटबद्ध केलेला असे आणि त्याची किल्ली एका बॅटरीच्या आधारे टिकविलेली असे. बॅटरी संपली की किल्ली पुसली जाई व खेळ कायमचा बंद पडे. ही कूटपद्धती २००७ मध्ये उलगडली गेली. तसे घडले नसते, तर त्या बोर्डांवरील खेळ बॅटरीबरोबरच संपले असते. म्हणून एम्युलेटरला केवळ नकलेचे साधन मानणे अन्यायाचे ठरेल.

'मुस्तफा' : नाव आणि वाचन

कॅपकॉमचा 'कॅडिलॅक्स अँड डायनासोर्स' हा खेळ १९९३ चा. मार्क शुल्झ यांच्या 'झेनोझोइक टेल्स' या चित्रकथेवर तो आधारलेला आहे. त्यात जॅक, हॅना, मुस्तफा आणि मेस अशी चार पात्रे खेळाडूस निवडता येतात. कथेचा नायक जॅक. परंतु भारतातील पार्लरमध्ये हा खेळ ओळखला गेला तो 'मुस्तफा' या नावाने. इंग्रजी शीर्षक बाजूस सारून चौघांपैकी कानाला ओळखीचे वाटणारे नाव मुलांनी संपूर्ण खेळास दिले. हे अज्ञान नसून एक वाचन आहे. परक्या कथेचे केंद्रच येथे बदलले गेले. मात्र 'मेम'च्या संग्रहात हा खेळ 'डिनो' या संक्षिप्त नावाने नोंदलेला आहे. बोर्डाची नोंद अचूक आहे. ज्या नावाने हा खेळ येथे जगला ते नाव मात्र त्या नोंदीत नाही.

नाण्याचा अर्थ

दुसरी उणीव अधिक मूलभूत आहे. आर्केड खेळाची काठिण्यपातळी नाण्याशी बांधलेली असते. ठरावीक अंतराने खेळाडू हरावा व त्याने पुन्हा नाणे टाकावे, अशीच ती रचना असते. खिशात एकच नाणे असलेल्या मुलासाठी प्रत्येक चूक महाग होती. पाठीमागे उभे राहून पाहणे हेच त्याचे शिक्षण होते. एम्युलेटरवर एक कळ दाबली की नाणे पडते आणि कितीही वेळा पडते. त्यामुळे तोच खेळ आज अल्पावधीत संपणारा व पुनरुक्तीचा वाटतो. हा दोष खेळाचा नाही, वाचनाच्या बदललेल्या अटींचा आहे. एम्युलेटरवरील अनुभवावरून मूळ खेळाचे मूल्यमापन करणाऱ्या समीक्षकाने हा भेद ध्यानात ठेवणे आवश्यक आहे.

कायद्यातील पोकळी

अधिकृत मार्गाने हे खेळ मिळत नाहीत काय, असा प्रश्न येथे संभवतो. अमेरिकेतील 'व्हिडिओ गेम हिस्ट्री फाउंडेशन'च्या २०२३ च्या अभ्यासानुसार, तेथे २०१० पूर्वी प्रसिद्ध झालेल्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ बाजारात उपलब्ध नव्हते. कॅपकॉमने २०१८ मध्ये याच जातीच्या सात जुन्या खेळांचा संच काढला. त्यात 'मुस्तफा' नव्हता.

भारतीय कॉपीराइट कायदा, १९५७ मध्ये संगणक प्रोग्रामचा अंतर्भाव 'साहित्यकृती'च्या व्याख्येत आहे. २०१२ च्या दुरुस्तीने बिगर-व्यावसायिक सार्वजनिक ग्रंथालयास जतनासाठी इलेक्ट्रॉनिक प्रत ठेवण्याची मुभा मिळाली. परंतु त्या ग्रंथालयाकडे कृतीची अ-डिजिटल प्रत असली पाहिजे, अशी त्यात अट आहे. ही अट ग्रंथ व हस्तलिखिते यांना लागू पडते. जन्मतःच डिजिटल असलेल्या खेळाची अ-डिजिटल प्रत कोठून आणावयाची? साहित्य म्हणून मान्यता आणि जतनातून वगळणूक, अशी ही विसंगती आहे.

समारोप

एम्युलेटर खेळाची संहिता वाचवितो आणि ते कार्य मोलाचे आहे. पार्लर मात्र त्याच्या कक्षेबाहेर राहते, आणि ते कोणत्याही चिपेत साठविलेले नाही. ते आज चाळिशी-पन्नाशीत असलेल्या माणसांच्या स्मरणात आहे. खेळाला कोणते नाव होते, एका नाण्यात किती वेळ मिळे, भोवती कोण उभे राहत, मुलींना तेथे प्रवेश होता काय, घरचा विरोध कसा होता, या गोष्टींची नोंद करण्यास महागडी यंत्रसामग्री लागत नाही. मराठी, इतिहास व समाजशास्त्र विभागांनी विद्यार्थ्यांकडून प्रकल्परूपाने मुलाखती घेतल्यास आपापल्या तालुक्यापुरते हे काम सहज उभे राहील. बोर्डावरील बॅटरीला जशी मुदत होती तशी स्मरणालाही असते. फरक इतकाच की, पुसले गेलेले स्मरण पुढे कोणासही उलगडता येणार नाही.