ऐकून घेणारा नट

विलासराव देशमुखांची हजरजबाबी भाषणं लातूर-नांदेडकडच्या सभांतून ज्यांनी ऐकली आहेत, त्यांना एका गोष्टीची गंमत वाटेल. बाभळगावच्या या घरातून जो नट झाला, त्याची खरी ताकद बोलण्यात नाही, ऐकण्यात आहे. विलासरावांचा मुलगा रितेश, त्याच्या विनोदी प्रसंगांत आपली नजर बहुधा बोलणाऱ्यावर असते. ती काढून त्याच्यावर ठेवून पाहा. 'मालामाल वीकली'त (२००६) परेश रावल, ओम पुरी असे कसलेले गडी समोर असताना त्याचा कन्हैया आवाज चढवण्याच्या फंदात पडत नाही. ऐकलेलं आधी मानेला कळतं, मग डोळ्यांना, आणि तोंड उघडेपर्यंत हशा आलेला असतो. ही उतरंड घाईत कोसळते. तो ती कोसळू देत नाही.

'ब्लफमास्टर' (२००५) मात्र दोनदा पाहावा. पहिल्यांदा डिट्टू हा रॉयच्या, म्हणजे अभिषेक बच्चनच्या, हाताखाली ठगी शिकणारा भाबडा पोरगा वाटतो. शेवटी उलगडतं, की जाळं रॉयसाठीच विणलेलं होतं आणि शिष्यही त्यात सामील होता. म्हणजे भाबडेपणाचं सोंग घेतलेल्या माणसाचं सोंग! दुसऱ्या खेपेला आपण त्याच्या चेहऱ्यावर चोरखुणा शोधत बसतो. हुशारीचा एखादा कटाक्ष टाकून प्रेक्षकाला आधीच सामील करून घेण्याचा मोह भल्याभल्यांना आवरत नाही. इथे तो शेवटपर्यंत आवरलेला आहे.

पुढे 'हाउसफुल'सारख्या चित्रपटमालिकांत हे कसब धसमुसळ्या गोंधळाखाली दबलं. त्याबद्दल फार लिहावं असं काही नाही.

मग २०१४ चा पावसाळा. २७ जूनला मोहित सुरींचा 'एक व्हिलन' आला. त्यातला राकेश महाडकर दिवसभर लोकांचा आणि घरी बायकोचा पाणउतारा सोसतो आणि अपमान करणाऱ्या बायकांना स्क्रूड्रायव्हरने संपवतो. खलनायक म्हटल्यावर नट भुवया ताणतात, आवाज खर्जात नेतात. रितेशने यातलं काहीच केलं नाही. विनोदी भूमिकांतला तोच ओशाळा, आज्ञाधारक चेहरा जसाच्या तसा ठेवला, फक्त त्याच्यावरची प्रतिक्रिया काढून घेतली. बोलणं आत जातं, बाहेर काहीच येत नाही. ज्या चेहऱ्यावर दहा वर्षं हसलो, त्याचीच भीती वाटावी, ही किमया साधी नव्हे.

दोनच आठवड्यांनी, ऐन आषाढीच्या आठवड्यात, निशिकांत कामतांचा 'लय भारी' आला. मराठी नायक म्हणून रितेशचा हा पहिलाच चित्रपट. मारधाड जरा जास्तच आहे. पण जुळ्या भावांतला फरक पाहण्याजोगा. प्रिन्सच्या अंगाला पैशाची सवय आहे, तो सैल उभा राहतो. पंढरपूरच्या माउलीचा भार टाचांवर आहे, मान आधी वळते, पाय नंतर. दाढी, कपडे ही तर पोशाखवाल्यांची कामगिरी. हा भार नटाचा.

'वेड' (२०२२) त्याने स्वतः दिग्दर्शित केला. त्यातला तरुण क्रिकेटवेडा सत्या मला तितका पटत नाही, वय आड येतं. पण पुढचा, दारूत बुडालेला सत्या आणि अशोक सराफांनी केलेला त्याचा बाप समोरासमोर आले की पाहा. ज्यांच्या विनोदावर मराठी घरं वाढली, अशा ज्येष्ठ नटासमोर दिग्दर्शकाने नायकाला, म्हणजे स्वतःलाच, गप्प ठेवलंय. सराफ बोलतात तेव्हा सत्याची नजर खाली असते, पण कान त्यांच्याकडेच असतात.