पंख, कुपी आणि शहाणपण

आजचा विषय पंखांवर स्वार झालेल्या धर्मवीराचा. परीकथेत वीराला पंख मिळाले, की आपण निश्चिंत होतो. आता हा वर जाईल, काहीतरी दिव्य आणील आणि खाली सगळं ठीक होईल! लुदोविको आरिओस्तो या इटालियन कवीच्या ‘ऑरलांदो फ्युरिओसो’त (पहिली आवृत्ती १५१६, ४६ सर्गांची अंतिम आवृत्ती १५३२) वरवर हेच घडतं.

शार्लमेनचा सर्वश्रेष्ठ योद्धा ऑरलांदो. त्याचं प्रेम अँजेलिकावर. तिने मात्र मेदोरो नावाच्या साध्या सैनिकाला वरलं. हे कळताच ऑरलांदो वेडा होतो. मग आस्तोल्फो हिप्पोग्रिफवर बसून निघतो. हा प्राणी म्हणजे ग्रिफिन आणि घोडी यांचं अपत्य. व्हर्जिलने ग्रिफिन-घोड्यांची जोडी अशक्याचा दाखला म्हणून वापरली होती. आरिओस्तोने त्या अशक्याचं शिंगरूच जन्माला घातलं, बरं का!

पण हे पंख आस्तोल्फोला पृथ्वीवरच्या नंदनवनापर्यंतच नेतात. पुढे चंद्रावर जायला एलिजाचा रथ लागतो, आणि सोबत संत योहान. चंद्रावर माणसांनी हरवलेलं सगळं साठलेलं आहे: प्रेमिकांचे अश्रू, जुगारात घालवलेला वेळ आणि कुप्यांमध्ये भरलेली अक्कल. ऑरलांदोची कुपी सर्वांत मोठी. आस्तोल्फोला स्वतःचीही सापडते, म्हणजे तोही पुरता शहाणा नव्हताच! वेड तेवढं तिथे नाही, कारण ते पृथ्वी सोडून जातच नाही.

हा विनोद मोठ्या प्रतीचा आहे. पण आम्ही तत्त्वज्ञानाचे विद्यार्थी. आम्हांला विचारलंच पाहिजे, की कुपीतून परत आलं ते नेमकं काय? ऑरलांदो शुद्धीवर येतो, अँजेलिकाचं प्रेम विसरतो आणि लढाईला लागतो. लिपादुसा बेटावरच्या द्वंद्वात तो शत्रूंना मारतो. त्याचा जिवलग ब्रांदिमार्ते तिथेच पडतो. संत योहानच्या मते हे वेड ईश्वरी शिक्षा होती, कारण परधर्मी स्त्रीपायी ऑरलांदो युद्धकर्तव्य विसरला. म्हणजे शहाणपणाची व्याख्या काय झाली? पुन्हा तलवार उचलणं!

कवीला हे दिसत नव्हतं का? आमच्या मते दिसत होतं. याच संताच्या तोंडी त्याने घातलंय, की राजांची कीर्ती कवींच्या लेखणीवर अवलंबून असते आणि कवी सत्य फिरवू शकतात. संत वर म्हणतो, मीही पृथ्वीवर लेखकच होतो! आरिओस्तो स्वतः एस्ते घराण्याच्या आश्रयाला होता. आश्रयदात्याची स्तुती करता करता स्तुतीचा भाव सांगणारा हा कवी, धर्मयुद्धाचं शहाणपण तेवढं भोळेपणाने मांडेल, हे आम्हांला पटत नाही.

तेव्हा अशी कथा वाचताना वीर किती उंच गेला, एवढंच पाहू नका. खाली उतरल्यावर त्याने कोणाच्या हाती काय दिलं, आणि त्या हाताने पुढे काय केलं, तेही पाहा.