मागे कोण थांबलंय?

'वेलकम टू रेक्सहॅम' मी बेंचवर असताना पाहिली. बेंच म्हणजे आयटीचा बेंच. प्रोजेक्ट संपलेलं, दुसरं मिळालेलं नाही, पगार चालू आहे आणि रोज सकाळी लॅपटॉप उघडून आपण उपलब्ध आहोत एवढं दाखवायचं. ज्यांनी हे केलंय त्यांना सांगायला नको. ज्यांनी केलं नाही, त्यांना 'फुकटचा पगार' वाटतो. मलाही पहिला आठवडा तसंच वाटलं होतं.

दुसऱ्या आठवड्यात सिरीज सुरू केली. फोनवर, हेडफोन लावून, दिवसाला तीन-तीन एपिसोड. गोष्ट तुम्हाला बहुतेक माहीत असेल. रायन रेनॉल्ड्स आणि रॉब मॅकेल्हेनी हे दोन नट २०२१च्या फेब्रुवारीत वेल्समधला १८६४ साली स्थापन झालेला एक क्लब विकत घेतात. हा क्लब २००८मध्ये फुटबॉल लीगमधून बाहेर पडला तो परत आलेलाच नाही. इंग्लंडच्या पिरॅमिडमध्ये प्रीमियर लीग, चॅम्पियनशिप, लीग वन आणि लीग टू मिळून ९२ क्लब. त्याखाली पाचव्या पायरीवर नॅशनल लीग. तिथून वर जायला वर्षाला दोनच जागा, एक पहिल्या नंबरला आणि दुसरी प्ले-ऑफ जिंकणाऱ्याला. रेक्सहॅम तिथे अडकलं होतं.

सिरीज चांगली आहे, हे आधी सांगून टाकतो. कारण पुढे मी तिच्याबद्दल तक्रार करणार आहे, आणि तक्रार करणाऱ्याला ती आवडलीच नाही असा समज होतो. गावातली माणसं, पब, मॅनेजर फिल पार्किन्सनच्या अस्खलित शिव्या, हे सगळं मी हावरटासारखं पाहिलं. पहिल्या सीझनमध्ये पॉल रदरफर्डचा भाग आहे. २०२०-२१च्या शेवटच्या मॅचमध्ये त्याला रेड कार्ड मिळतं, संघ प्ले-ऑफला मुकतो, आणि मग त्याचा करार पुढे वाढत नाही. तो भाग मी रात्री दीड वाजता पाहिला आणि फोन पालथा ठेवला. त्या महिन्यात आमच्या ग्रुपवरची दोन नावं गप्प झाली होती.

तक्रार अशी की ही सिरीज डिफेंडर पाहू शकत नाही.

पाहू इच्छित नाही असं मी म्हणत नाही. तिला ते जमत नाही. २०२२-२३च्या सीझनमध्ये रेक्सहॅमने १११ पॉइंट्स मिळवून नॅशनल लीग जिंकली. ११६ गोल मारले, त्यातले लीगमधले ३८ एकट्या पॉल मलिनचे. साहजिकच कॅमेरा मलिनच्या मागे आहे. त्याच्या घरी जातो, त्याच्या मुलाची गोष्ट सांगतो, आणि ती गोष्ट हलवून सोडते. पण त्याच सीझनचा दुसरा आकडा आहे ४३. ४६ सामन्यांत खाल्लेले गोल. ११६ गोलांचं संकलन करता येतं, त्यावर संगीत लावता येतं, गोलांच्या मध्ये लोकांचे चेहरे टाकता येतात. न झालेल्या गोलांचं संकलन कसं करणार? डिफेंडर दोन पावलं डावीकडे सरकला म्हणून जो पास दिलाच गेला नाही, तो कुठल्या कॅमेऱ्यात आहे?

आमच्या धंद्यात हे रोजचं आहे. सर्व्हर पडला की त्या टीमचं नाव सगळ्या मजल्याला कळतं. वर्षभर पडला नाही तर 'ही टीम नेमकं काय करते?' असा प्रश्न मीटिंगमध्ये येतो. मी ज्या टीममध्ये होतो तिच्याबद्दल तो आला होता. असो.

या सिरीजमध्ये मला चिकटून राहिला तो बेन टोझर. उंच सेंटर-बॅक. तुम्हाला आठवतही असेल, कारण त्याच्याकडे दिसण्यासारखी एक गोष्ट आहे, लांब थ्रो-इन. टचलाइनवरून तो बॉल थेट गोलपुढच्या गर्दीत टाकतो. नियमाप्रमाणे थ्रो-इनवरून थेट आलेल्या बॉलला ऑफसाइड लागू होत नाही, त्यामुळे समोरच्या बचावाची सगळी रेषाच मोडते. म्हणजे आपल्याला आठवणारा डिफेंडरही बचावासाठी आठवत नाही, पायांऐवजी हातांनी केलेल्या कामासाठी आठवतो. यात टोझरचा दोष नाही.

मग मी बेंचवरच्या माणसाकडे जे भरपूर असतं ते वापरून त्याचं करिअर उलगडत बसलो. जन्म १९९०चा, प्लिमथचा. स्विंडन टाउनमधून २००८च्या जानेवारीत, सतरा वर्षांचा असताना, न्यूकॅसल युनायटेडने त्याला घेतलं. इथे गोष्ट संपायला हवी होती, निदान आपल्याला माहीत असलेल्या सिनेमात तरी. पण न्यूकॅसलच्या पहिल्या संघात त्याला पाय रोवता आले नाहीत. २०११मध्ये नॉर्थॅम्प्टन, २०१५मध्ये येओव्हिल, २०१६मध्ये न्यूपोर्ट काउंटी, २०१८मध्ये चेल्टनहॅम. नकाशावर ही गावं शोधली तर येओव्हिल आणि चेल्टनहॅम इंग्लंडच्या नैर्ऋत्येला, न्यूपोर्ट तेवढं वेल्समध्ये. दर दोन-तीन वर्षांनी नवीन ड्रेसिंग रूम, नवीन मॅनेजर, नवीन भाड्याचं घर. आमच्या लिंक्डइनवर असा बायोडेटा असता तर एचआरने विचारलं असतं, 'तुम्ही एका जागी टिकत का नाही?'

खालच्या लीगमध्ये टिकणं खेळाडूच्या हातात फारसं नसतं. करार एक-दोन वर्षांचे. सीझन संपला की क्लब यादी जाहीर करतात, कोणाला ठेवलं आणि कोणाला सोडलं. एका पानावर दोन रकाने. वेबसाइटवर, सगळ्या गावासमोर. आमच्याकडे निदान ईमेल खाजगी येतो.

टोझरचा एक दिवस मात्र जगाने पाहिला. २३ जानेवारी २०२१, एफए कपची चौथी फेरी. लीग टूमधल्या चेल्टनहॅमच्या छोट्या मैदानावर मँचेस्टर सिटी. कोविडमुळे स्टँड रिकामे. ५९व्या मिनिटाला टोझरचा लांब थ्रो, सिटीच्या बॉक्समध्ये गोंधळ, आणि अल्फी मेचा गोल. जवळपास वीस मिनिटं चेल्टनहॅम पुढे होतं. मग ८१व्या मिनिटाला फोडेनने बरोबरी केली आणि सिटी ३-१ने जिंकली. त्याच सीझनमध्ये चेल्टनहॅमने लीग टू जिंकली. कॅप्टन टोझर. पुढचं वर्ष लीग वनमध्ये.

आणि त्याच उन्हाळ्यात तो रेक्सहॅमला गेला. दोन पायऱ्या खाली.

का गेला, यावर अंदाज बांधायला मी पत्रकार नाही. एकतीस वर्षांच्या सेंटर-बॅकला कोणी बऱ्या कराराची खात्री देत असेल, तर लीगचं नाव किती महत्त्वाचं, हा हिशेब मला कळतो. पण सिरीज नवे खेळाडू येतात तेव्हा त्यांच्याकडे मालकांच्या नजरेने पाहते. कोण आला, कशाला आला, आता स्वप्न पूर्ण होणार. आलेल्या माणसाने मागे काय सोडलं, हा प्रश्न तिच्या रचनेत बसत नाही. तिची रचना वर जाणाऱ्या क्लबची आहे. त्या लिफ्टमध्ये माणसं चढतात आणि उतरतात. उतरणाऱ्यांकडे ती दर वेळी हळहळून पाहते, आणि दार बंद होतं. रदरफर्डचा भाग एवढा चांगला आहे की बाकीच्यांचे असे भाग का नाहीत, हे त्यामुळेच जास्त खुपतं.

पुढचं तुम्हाला माहीत असेल. १० एप्रिल २०२३, नॉट्स काउंटीविरुद्ध ३-२, जादा वेळेत बेन फॉस्टरने अडवलेली पेनल्टी. मग लीग टू, मग लीग वन, आणि २०२५मध्ये चॅम्पियनशिप. सलग तीन बढत्या. टोझर यातल्या दोन बढत्यांपर्यंत होता. २०२४च्या ऑगस्टमध्ये, रेक्सहॅम लीग वनमध्ये पोहोचल्यावर, तो फॉरेस्ट ग्रीन रोव्हर्सला गेला. हा क्लब नुकताच नॅशनल लीगमध्ये घसरला होता. परत दोन पायऱ्या खाली. क्लबच्या करिअरचा आलेख वर जाणारी सरळ रेघ आहे, माणसाचा करवतीसारखा. सिरीजने क्लबची रेघ निवडली.

माझी खरी हळहळ टोझरच्या एका जुन्या सहकाऱ्यासाठी आहे. तो कुठल्याच सिरीजमध्ये नाही. २०१७च्या मार्चमध्ये न्यूपोर्ट काउंटी लीग टूच्या तळाशी होती. बारा सामने उरलेले आणि सुटकेच्या जागेपासून ११ पॉइंट्स मागे. माइक फ्लिनने सूत्रं हाती घेतली. ६ मे २०१७, शेवटचा दिवस, घरच्या मैदानावर नॉट्स काउंटी. स्कोअर १-१. दुसरीकडे हार्टलपूल डॉनकास्टरला हरवत होतं, म्हणजे न्यूपोर्ट खाली जात होती. ८९व्या मिनिटाला मार्क ओब्रायनने गोल मारला. सेंटर-बॅकने! न्यूपोर्ट वाचली, हार्टलपूल बुडालं.

दोन वर्षांनी हाच ओब्रायन कॅप्टन म्हणून वेम्बलीवर होता. लीग टूची प्ले-ऑफ फायनल, समोर ट्रॅनमेअर. नव्वद मिनिटं संपत आली असताना त्याला दुसरं पिवळं कार्ड मिळालं आणि तो बाहेर गेला. न्यूपोर्ट जादा वेळेच्या अगदी शेवटी गोल खाऊन हरली. आणि २०२०मध्ये, वयाच्या २७व्या वर्षी, तो निवृत्त झाला. हृदयाच्या झडपेचा त्रास. डर्बी काउंटीत असताना, किशोरवयातच, त्याच्या हृदयावर एक शस्त्रक्रिया झाली होती. म्हणजे ८९व्या मिनिटाला समोरच्या बॉक्समध्ये धावत गेलेला माणूस ती कापाकापी अंगावर घेऊन गेला होता. हे मी वाचलं तेव्हा माझं वय अठ्ठावीस होतं आणि मी तीन महिने प्रोजेक्ट मिळत नाही म्हणून आयुष्य संपल्याच्या थाटात वावरत होतो. तुलना करू नये हे कळतं. झाली.

या अनुभवासाठी योग्य फॉर्म कुठला, हा प्रश्न मला पडला तेव्हा एका जुन्या पुस्तकाने उत्तर दिलं. एमन डन्फीचं 'ओन्ली अ गेम?', १९७६चं. डन्फी डिफेंडर नव्हता, मिलवॉलचा मिडफिल्डर होता, पण खालच्या पायरीवरचा कसबी खेळाडू म्हणजे काय ते त्याला आतून माहीत होतं. पुस्तक म्हणजे १९७३-७४च्या सीझनची डायरी. सुरुवातीला यंदा आपण वर जाणार अशी आशा, मग त्याचं संघातलं स्थान जाणं, मग क्लब सोडणं. डायरी लिहिणाऱ्याला उद्या काय होणार ते माहीत नाही, आणि पुस्तकाची सगळी ताकद तिथे आहे. त्यात एक कबुली आहे, तिच्यासाठी ते विकत घ्यावं. आपण संघाबाहेर असलो की आपला संघ हरावा असं मनातून वाटतं. जिंकला तर आपल्याशिवाय चालतं हे सिद्ध होतं.

मी हे वाचून उठून बसलो. माझं जुनं प्रोजेक्ट मी गेल्यावर नीट लाइव्ह गेलं होतं. मी ग्रुपवर टाळ्यांचा इमोजी टाकला होता.

असं वाक्य 'वेलकम टू रेक्सहॅम'मध्ये येऊ शकत नाही. ज्याच्याकडे क्लब आहे तोच सिरीज बनवतो आहे, आणि त्याच क्लबमध्ये पुढच्या वर्षीचा करार मिळवायचा आहे, अशा खेळाडूने कॅमेऱ्यासमोर हे बोलावं कशाला? कॅमेरा कितीही जवळ गेला तरी तो मालकाचा आहे. डन्फीकडे वही होती. रेक्सहॅमच्या ड्रेसिंग रूममध्येही कोणाकडे असेल तर मला ती सिरीजपेक्षा आधी वाचायची आहे.

कोल्हापूरचा असल्यामुळे या सगळ्याला माझ्याकडे एक घरचा साक्षीदार आहे. आमचे मामा एका पेठेच्या संघातून शाहू स्टेडियमवर खेळायचे. स्टॉपर बॅक. लहानपणी मी त्यांना विचारलं होतं, "मामा, तुम्ही गोल किती मारले?" ते म्हणाले, "गोल? बॅकला कसला गोल रं." आणि चहा पीत बसले. गॅलरीतली माणसं आजही त्या काळातल्या फॉरवर्ड्सची नावं एका दमात सांगतात. मामांचं नाव मी कोणाच्या तोंडून ऐकलेलं नाही.

नवं प्रोजेक्ट मिळाल्यावर, चौथ्या महिन्यात, गावी गेलो. मामांना फोनवर टोझरचा तो सिटीविरुद्धचा थ्रो दाखवला. अलीकडे ब्रेंटफर्डसारखे प्रीमियर लीगमधले संघही हेच करतायत, हेही सांगितलं. मला वाटलं, ताकद बघून खूश होतील. त्यांनी चष्मा लावला, गोल झाला, मी त्यांच्याकडे बघितलं.

"गोल ठीक हाय," मामा म्हणाले. "पण बॅक बाजूला जाऊन थ्रो टाकतोय. मागं कोण थांबलंय?"

मी क्लिप मागे नेली. परत नेली. फ्रेममध्ये तेवढा भागच नव्हता.