पानगळ आणि सीमोल्लंघन : प्रवासपटांच्या ऋतुभानाविषयी

‘साहित्य आणि चित्रपट’ ह्या अभ्यासघटकाच्या निमित्ताने पदव्युत्तर वर्गाला डेव्हिड लिंच ह्यांचा ‘द स्ट्रेट स्टोरी’ (१९९९) हा चित्रपट दाखवला, तेव्हाचा एक लहानसा प्रसंग प्रस्तुत लेखाला कारण झाला. पडद्यावर तांबूस-पिवळ्या झाडांच्या रांगा सरकू लागल्या आणि मागच्या बाकावरून रावेरकडच्या एका विद्यार्थ्याने विचारले, ‘‘सर, या झाडांवर करपा पडला आहे का?’’ वर्ग हसला. मीही हसलो आणि ‘हा तिकडचा शरद ऋतू’ असे सांगून पुढे गेलो. नंतर विचार करता लक्षात आले, की विद्यार्थ्याचा प्रश्न त्याच्या चिन्हव्यवस्थेत पूर्णपणे सुसंगत होता. चुकले होते ते माझे उत्तर. रावेर-यावलच्या केळीपट्ट्यात पिवळे पान म्हणजे करपा, करपा म्हणजे घडाच्या वजनात घट आणि घट म्हणजे कर्ज. केळीचे पान गळून पडत नाही. ते वाळून खोडालाच लोंबत राहते आणि विळ्याने कापावे लागते. उत्तरेस सातपुड्यात, पालच्या बाजूला, सागाची पानगळ होते खरी. पण तिचा भर शिशिरात असतो आणि तिच्या पाठोपाठ पळस फुलतो. पानगळीला लागून येथे वसंत येतो, हिमकाळ नव्हे. मग ‘ऑटम’ला ‘शरद’ म्हणताना मी नेमके कशाचे भाषांतर केले?

हा प्रश्न केवळ शब्दकोशाचा नाही. ज्यांचे कथानक रस्त्यावर घडते अशा चित्रपटांची (त्यांना येथे ‘प्रवासपट’ म्हणू) चर्चा करताना ‘शरदाची कातरता’, ‘पानगळीचे वातावरण’ असे शब्दप्रयोग आपल्या लेखणीतून सहज उतरतात. मराठी चित्रपटांविषयी बोलतानाही ते हाताशी येतात. ह्या शब्दप्रयोगांबरोबर एक संपूर्ण कालकल्पना आणि एक विशिष्ट सामाजिक स्थान आपण नकळत स्वीकारतो, आणि मराठी प्रवासपटांतील माणसे मुळात वाटेला का लागली आहेत हे त्याखाली झाकले जाते, असे प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन आहे.

प्रथम पाश्चात्त्य संकेताचा विचार करू. नॉर्थ्रप फ्राय ह्यांनी ‘अ‍ॅनाटॉमी ऑफ क्रिटिसिझम’ (१९५७) ह्या ग्रंथात चार ऋतूंशी चार कथनबंध जोडले : वसंताशी सुखात्मिका, उन्हाळ्याशी अद्भुतरम्य कथा, ‘ऑटम’शी शोकात्मिका आणि हिवाळ्याशी उपरोध व उपहास. ही मांडणी आदिबंधांची असल्यामुळे ती सार्वत्रिक मानण्याकडे आपल्या अभ्यासकांचा कल राहिला. प्रत्यक्षात ती समशीतोष्ण प्रदेशाच्या पंचांगावर उभी आहे. त्या पंचांगात पानगळ वर्षाचा उतार दाखवते; तिच्यापुढे बर्फ असते. दुसरीकडे मिखाईल बाख्तिन ह्यांनी कादंबरीतील स्थलकालबंधांचा विचार करताना ‘रस्ता’ हा एक महत्त्वाचा बंध मानला. रस्त्यावर भिन्न वर्गांची आणि वयांची माणसे एरवी शक्य नसलेल्या रीतीने भेटतात आणि काळ जणू जागेत ओतला जाऊन वाहू लागतो, असे त्यांचे निरीक्षण आहे. पानगळीतील प्रवासपट हा फ्राय ह्यांचा ऋतू आणि बाख्तिन ह्यांचा रस्ता ह्यांच्या संयोगातून सिद्ध होतो. रस्ता जितका पुढे सरकतो, तितके वर्ष आणि आयुष्य उताराला लागते.

‘द स्ट्रेट स्टोरी’ हे ह्या संयोगाचे अत्यंत शुद्ध उदाहरण होय. त्र्याहत्तर वर्षांचा अ‍ॅल्विन स्ट्रेट, दहा वर्षे अबोला धरलेल्या आजारी भावाला भेटण्यासाठी, गवत कापण्याच्या यंत्रावर बसून आयोवातील लॉरेन्सहून विस्कॉन्सिनमधील माउंट झायनला जातो. अंतर दोनशे चाळीस मैलांचे, म्हणजे सुमारे चारशे किलोमीटरचे. गती माणसाच्या चालीहून थोडी अधिक. कापणीला आलेली शेते, मळणीयंत्रे, मग रंग बदलणारी झाडे, रात्रीचा जाळ आणि शेवटी दोन भावांच्या माथ्यावरचे तारे असा हा क्रम आहे. वाटेत घर सोडून आलेल्या एका गरोदर मुलीला तो मोळीच्या काटक्यांचे उदाहरण देऊन कुटुंबाचे बळ समजावतो. आपल्याकडच्या शालेय पुस्तकांतून परिचित असलेली ही बोधकथा तेथे भेटावी, ह्याची आपल्याला गंमत वाटते. चित्रपट चांगला आहे, ह्याविषयी दुमत नसावे.

परंतु दोन तपशील समीक्षकाने नजरेआड करू नयेत. पहिला असा, की हा प्रवास खऱ्या अ‍ॅल्विन स्ट्रेट ह्यांनी १९९४ मध्ये केला, तो जुलै-ऑगस्टमध्ये, म्हणजे तिकडच्या भर उन्हाळ्यात. पानगळ ही घटनेत नव्हती. ती चित्रपटाने आणली आहे. वार्धक्य, समेट आणि मृत्यूची चाहूल ही आशयसूत्रे प्रेक्षकाला बिनचूक कळावीत म्हणून ऋतू बदलला गेला. ज्याला आपण ‘वातावरण’ म्हणतो, तो येथे रूढ संकेत आहे. दुसरा तपशील अधिक बोलका आहे. वाटेत यंत्र बिघडते, तेव्हा अ‍ॅल्विन मुलीला दूरध्वनी करून निवृत्तिवेतनाचा धनादेश मागवून घेतो. त्याचा हंगाम पूर्वीच पदरात पडलेला आहे. मागे वळून पाहण्याची त्याची उसंत ह्या धनादेशाने सुरक्षित केली आहे. पानगळीची कातरता ही अशा रीतीने ज्याचे पीक घरात आले आहे त्याची भावावस्था ठरते.

ह्यावर असा आक्षेप संभवतो, की ‘पानगळ’ हा शब्द आपण लाक्षणिक अर्थाने वापरतो. प्रत्यक्ष ऋतूशी त्याचा संबंध जोडण्याचे कारण नाही. बर्गमन ह्यांच्या ‘वाइल्ड स्ट्रॉबेरीज’ (१९५७) ह्या चित्रपटात वृद्ध प्राध्यापक बोर्ग सुनेसह स्टॉकहोमहून लुंडला मोटारीने जातो. तेथे ऋतू उन्हाळ्याचा आहे, तरी त्या प्रवासावर उतरत्या वयाची छाया आहेच. आक्षेप योग्य आहे आणि आपल्या मुद्द्याला तो पूरकही आहे. भावावस्था ऋतूपासून वेगळी करता येत असेल, तर तिला ऋतूचे नाव देताना आपण कोणते पंचांग वापरतो हे सांगण्याची जबाबदारी वाढते, कमी होत नाही.

आता आपल्या पंचांगाकडे वळू. संस्कृत काव्यपरंपरेत शरद हा उताराचा ऋतू नाही. ‘ऋतुसंहारा’त कालिदासाने शरदाला नववधूच्या रूपात पाहिले आहे. ‘रघुवंशा’च्या चौथ्या सर्गात रघू दिग्विजयाला निघतो तो शरदात, नद्या उतार देऊ लागतात, वाटांवरचा चिखल सुकतो आणि ऋतूच जणू त्याला निघण्याची प्रेरणा देतो. किष्किंधाकांडात राम पावसाचे महिने थांबतो आणि शरद आल्यावर सीतेच्या शोधाची निकड बोलून दाखवतो. पावसाळ्यात छावणी आणि दसऱ्यानंतर मुलूखगिरी हा मराठ्यांच्या मोहिमांचा क्रम ह्याच भूगोलातून आला. सीमोल्लंघनाचा विधी हे त्याचे सांकेतिक रूप होय. संन्याशाचा चातुर्मासही कार्तिकात संपतो आणि तो पुन्हा चालू लागतो. म्हणजे आपल्या परंपरेत शरद आणि रस्ता ह्यांचे नाते फार जुने आहे. फक्त त्याची दिशा उलटी आहे. तिकडे ‘ऑटम’मधील प्रवास शेवटाकडे जातो, येथे शरदातील प्रवास सुरू होतो. एकाच शब्दाने दोन्हींचा निर्देश केला, की दोन्हींची हानी होते.

मग मराठी संवेदनेत पानगळीची खिन्नता आली कोठून? तिला परकी ठरवून वगळणेही सोपे नाही. खानदेशातल्याच फैजपूरला जन्मलेल्या बा. सी. मर्ढेकर ह्यांच्या पहिल्या संग्रहाचे नाव ‘शिशिरागम’ (१९३९) असे आहे. इंग्रजी काव्याच्या वाचनातून आलेली ऋतुखिन्नता मराठी कवींनी शरदाला न चिकटवता शिशिराकडे वळवली, हे ध्यानात घेण्यासारखे आहे. शब्दयोजनेत ते सावध होते. हा सावधपणा चित्रपटविषयक लेखनात आपण गमावला आहे. म्हणूनच येथे मी मांडतो आहे ते रूढ अर्थाने देशीवादी म्हणणे नाही. परके संकेत येतात, रुजतात आणि नव्या भूमीत नवे अर्थ धारण करतात. आक्षेप आहे तो संकेत न तपासता लावण्याला.

तपासणीसाठी दोन मराठी चित्रपट घेऊ. दोन्हींत मध्यवर्ती पित्याची भूमिका शशांक शेंडे ह्यांनी केली आहे, हा योगायोग तुलनेला सोयीचा आहे. भाऊराव कऱ्हाडे ह्यांच्या ‘ख्वाडा’ (२०१५) मध्ये एक धनगर कुटुंब मेंढरे घेऊन माळ तुडवते आहे. जमीन वनखात्याकडे गेलेली आहे आणि तिच्यासाठी बापाचे न्यायालयात खेटे चालू आहेत; तरुण मुलाला, बाळूला, लग्नाचे वेध लागले आहेत. येथे रस्ता दोन टोकांना जोडत नाही. वाडा जेथे बसेल ते गाव, आणि त्या गावाच्या कारभाऱ्यांची मर्जी हीच सीमा. पाश्चात्त्य प्रवासपटात नायक घर सोडून रस्त्याचे स्वातंत्र्य मिळवतो. ‘ख्वाड्या’त रस्ता हीच अडवणूक आहे आणि घर हे स्वातंत्र्याचे स्वप्न. शीर्षकातच हा अडसर सांगितला आहे. सुकलेल्या गवताचा जो पिवळा रंग पडद्यावर दिसतो, त्याला ‘पानगळीची छटा’ म्हणणे म्हणजे चाऱ्याच्या हिशेबाला सौंदर्याचे नाव देणे होय. मेंढपाळ ह्या रंगाकडे पाहून आठवणीत रमत नाही. उद्या कोठे जायचे ते ठरवतो. धुळे जिल्ह्यातील ठेलारी मेंढपाळांची फिरस्ती ज्यांनी पाहिली आहे, त्यांना हे वेगळे सांगावयास नको.

मकरंद माने ह्यांचा ‘रिंगण’ (२०१५ च्या चित्रपटांसाठीच्या राष्ट्रीय पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपट, प्रदर्शन २०१७) अधिक गुंतागुंतीचा आहे. दुष्काळाने आणि कर्जाने घेरलेला अर्जुन आपल्या लहान मुलाला घेऊन पंढरपूरला येतो. आई देवाघरी गेली, असे मुलाला सांगितलेले आहे; मुलगा ते शब्दशः घेतो आणि देवाच्या गावात आईला शोधू लागतो. मुलाचे नाव अभिमन्यू. रिंगण हा वारीतील आनंदाचा फेर. पण अर्जुन-अभिमन्यू ही नावे घेतली, की त्याच वर्तुळाचा चक्रव्यूह होतो. मराठी संस्कृतीचा सर्वांत मोठा ‘रस्ता’ म्हणजे पंढरीची वाट. रावेरशेजारच्या मुक्ताईनगरहून निघणारी मुक्ताईची पालखी महिनाभराहून अधिक काळ चालते, आणि ती ज्येष्ठ-आषाढात, म्हणजे पेरणीच्या आशेच्या काळात. ती वाट समूहाची आहे. ‘रिंगण’ त्या समूहातून बाप-लेकांची एक जोडी वेगळी काढतो आणि विचारतो, की ज्याच्या शेतात पाऊसच आला नाही त्याने कोणत्या ऋतूत वारी करावी? चित्रपटाची खिन्नता आहे ती ह्या प्रश्नाची. तिचा संबंध वयाच्या उताराशी नाही. येथे बाप अजून कर्ता आहे आणि मूल तर आयुष्याच्या उंबरठ्यावर आहे. ‘स्ट्रेट स्टोरी’त भेट होते ती जिवंत भावाची आणि तिने कथा पूर्ण होते. ‘रिंगण’मध्ये जिचा शोध आहे ती भेटणेच शक्य नाही, हे प्रेक्षकाला आणि बापाला प्रारंभापासून माहीत आहे. माहीत नाही ते फक्त चालणाऱ्या मुलाला.

ह्याचा अर्थ मराठीत उसंतीचा प्रवासपट नाही असा नव्हे. ‘झिम्मा’ (२०२१) मध्ये सात बायका सहलीने इंग्लंडला जातात. तेथील मोकळेपणाला, हास्याला आणि हळवेपणाला समाजातल्या एका स्तराच्या अनुभवाचा भक्कम आधार आहे आणि तो तुच्छ लेखण्याचे कारण नाही. मात्र ‘सहल’ हा शब्द आपल्या भाषेतील प्रवासवाचक शब्दांच्या मोठ्या कुळातला एक आहे. यात्रा, वारी, मुलूखगिरी, मुशाफिरी, फिरस्ती, स्थलांतर ह्यांपैकी प्रत्येक शब्दाला आपापला ऋतू आहे, आपापले कारण आहे. ‘प्रवासपट’ ही एकच संज्ञा वापरताना (ती ह्या लेखातही वापरली आहे) हे भेद पुसले जातात, ह्याचे भान ठेवावे लागेल.

ह्या कुळातील एका शब्दाला पडद्यावर अजून पुरेसा न्याय मिळालेला नाही. दसरा-दिवाळी झाली, की धुळे-नंदुरबारकडची आदिवासी कुटुंबे मुकादमाची उचल घेऊन दक्षिण गुजरातच्या साखर कारखान्यांकडे ऊसतोडीला निघतात. नवरा-बायको मिळून ‘एक कोयता’ अशी त्यांची मोजणी होते. मुले, भांडी, सरपण, कोंबड्या त्याच वाहनात. हेही शरदातील सीमोल्लंघनच आहे, आणि रघूच्या दिग्विजयाप्रमाणेच नद्या उतरल्यावर, वाटा सुकल्यावर होणारे. फरक इतकाच, की मजुरी आधीच उचलून संपलेली असते आणि चालायचे ते ती फेडण्यासाठी. अ‍ॅल्विन स्ट्रेटच्या खिशातील धनादेशाच्या नेमक्या विरुद्ध टोकाला ही उचल आहे. ह्या वाटेवरचा चित्रपट जेव्हा निघेल, तेव्हा त्याच्या समीक्षेसाठी ‘पानगळ’ हा शब्द अपुरा पडेल, आणि ‘शरद’ हा शब्द त्याच्या मूळच्या, निघण्याच्या अर्थाने पुन्हा उपयोगी येईल.

तात्पर्य, ऋतुसंकेत वाचताना तीन प्रश्न क्रमाने विचारावेत, असे सुचवावेसे वाटते : हा ऋतू कोणत्या पंचांगातला आहे, ह्या ऋतूत ह्या माणसाचे पीक कोठे आहे, आणि तो स्वतःहून निघाला आहे, की त्याला निघावे लागले आहे. रावेरच्या त्या विद्यार्थ्याने ह्यांपैकी पहिले दोन प्रश्न एका वाक्यात विचारले होते. पुढच्या वर्षी तोच चित्रपट दाखवताना मी त्याचा प्रश्न वर्गापुढे ठेवला आणि उत्तर देण्याची घाई केली नाही. चर्चा तासाभराहून अधिक चालली. त्या चर्चेतच हा लेख घडत गेला.