यपोनोम्यूटिडी कुलाचे वर्गीकरण : एक चिकित्सा

पांढऱ्या पंखांवर काळे ठिपके असणाऱ्या चिमुकल्या पतंगांना युरोपात ‘अर्मिन पतंग’ म्हणतात. राजवस्त्रांना लावल्या जाणाऱ्या अर्मिन प्राण्याच्या पांढऱ्या लोकरीवरून हे नाव पडले. नाव सुबक खरे, परंतु वर्गीकरणाच्या दृष्टीने ते फसवे आहे. खंडाळा तालुक्याच्या माळरानावर एखाद्या विद्यार्थ्याला पांढरा, ठिपकेदार पतंग सापडला व त्याने तो केवळ रूपावरून यपोनोम्यूटिडी कुलात घातला, तर त्याची चूक होण्याचा संभव मोठा आहे. खुळखुळ्यावर पोसणारा यूटेथाइसा हा पतंगही पांढरा व ठिपकेदारच असतो; पण त्याचे कुल एरेबिडी, म्हणजे सर्वस्वी दूरच्या शाखेतील होय.

उलटपक्षी, खरे आप्त रूपाने भिन्न असतात. महारुखाच्या पानांवर सामुदायिक जाळे विणणाऱ्या अळ्यांचा पतंग अ‍ॅटिव्हा फॅब्रिसिएला हा नारिंगी रंगाचा असून त्यावर पांढरे ठिपके असतात. कोबीवरील प्लुटेला झायलोस्टेला करड्या-तपकिरी रंगाचा, तर बेडेलियाची अळी रताळ्याच्या पानात भुयार करून राहते. या साऱ्यांना एकत्र आणणारा पुरावा रंगात नाही, जाळ्यातही नाही.

मग तो कोठे आहे? लात्रेय यांनी १७९६ साली यपोनोम्यूटा ही प्रजाती स्थापिली. पुढे भारतीय पतंगांवरील हॅम्पसन यांचे चार खंड १८९२ ते १८९६ या काळात निघाले. पण त्यांत या सूक्ष्म पतंगांना स्थान नव्हते. ही उणीव मेरिक यांनी १९१२ ते १९३७ या काळातील आपल्या ग्रंथमालेने बरीच भरून काढली. त्यांचे ऋण मान्य करूनही एक आक्षेप नोंदविणे प्राप्त आहे : पंखांच्या शिराविन्यासावर त्यांनी सर्व भिस्त ठेविली आणि जननांगांचे परीक्षण टाळले. परिणामी त्यांच्या अनेक जातींचे स्थान नंतरच्या अभ्यासकांना पुन्हा तपासावे लागले. किर्की यांनी १९८४ साली नराच्या आठव्या उदरखंडाच्या मागे वाढलेल्या पार्श्वपाळ्यांकडे लक्ष वेधून या अधिकुलास निश्चित आधार दिला. २०१३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या सोन व सहकाऱ्यांच्या जनुकीय अभ्यासाने अधिकुलाच्या एकवंशीयतेस पुष्टी दिली.

२०११ च्या जागतिक गणनेत अधिकुलाची दहा कुले मानली असून जातींची संख्या सुमारे १,७५० आहे. यपोनोम्यूटिडीत ३६३, ग्लिफिप्टेरिजिडीत ५३५, अ‍ॅटिव्हिडीत ५२ तर बेडेलिइडीत अवघ्या १६ जाती आहेत. तथापि, हे आकडे वर्णन झालेल्या जातींचे आहेत, निसर्गातील विविधतेचे नव्हेत, हे विसरता कामा नये. उष्ण कटिबंधात नमुने गोळा करणारे थोडे, म्हणून तेथील संख्या कमी, असेही घडू शकते.

म्हणून प्रादेशिक सूची करणाऱ्याने अळी यजमान वनस्पतीसह वाढवावी, पतंगाचा नमुना टाचून ठेवावा आणि जननांगांचे छेदन केल्यावाचून जातीचे नाव लिहू नये. हा प्रश्न केवळ नावाचा नाही. प्लुटेलाने १९५३ सालीच जावा बेटावर डीडीटीस प्रतिकार दाखविला होता. अशा किडीची ओळख चुकली, तर औषधाची निवडही चुकते, आणि त्याचा भुर्दंड कोबी पिकविणाऱ्याला सोसावा लागतो.