फॉल्सम येथील दगडी पातें : पुराव्याची परीक्षा

अमेरिकेंतील आद्य मानवाविषयीं लिहिणारे लेखक फॉल्समच्या पात्याची प्रथम घडण वाखाणतात. ती वाखाणण्याजोगी आहेच. बोटभर लांबीचें पातळ पातें, बारीक टवके काढून धार दिलेले कांठ, आणि बुडापासून जवळजवळ टोंकापर्यंत उतरलेली पन्हळ. परंतु इतिहासांत या पात्यास जें स्थान मिळालें तें कारागिरीमुळें नव्हे, असें आमचें मत आहे.

न्यू मेक्सिकोंत फॉल्सम गांवाजवळ १९०८ सालीं पुरानें एक घळ खोल कापली गेली. गुलामगिरींत जन्मलेला जॉर्ज मॅकजंकिन हा गुराखी. घळींत उघडीं पडलेलीं हाडें नित्याच्या जनावरांचीं नव्हेत हें त्यानें ओळखलें. तो १९२२ त वारला, आणि खोदकाम लागलें १९२६ त. (त्याचें नांव ग्रंथांत फार उशिरां आलें, हें नमूद केलें पाहिजे.) डेन्व्हरच्या संग्रहालयाचे संचालक फिगिन्स यांच्या माणसांस तेथें, हिमयुगाबरोबर नष्ट झालेल्या रानबैलांच्या हाडांसमवेत, दगडी पातीं मिळालीं. पण तीं मूळ जागीं असतांना कोणा त्रयस्थ तज्ज्ञानें पाहिलीं नव्हतीं. वरच्या थरांतून तीं खालीं घसरलीं नसतील कशावरून?

वॉशिंग्टनचे हर्डलिच्का हे अशा दाव्यांचे कडवे विरोधक. त्यांस केवळ दुराग्रही म्हणण्याची चाल पडली आहे. ती आम्हांस अर्धीच न्याय्य वाटते. पुढील पातें दिसतांच त्यास हात न लावतां बाहेरील तज्ज्ञ बोलवावे, ही सूचना त्यांचीच. १९२७ च्या ऑगस्टांत बरगड्यांमध्यें रुतलेलें पातें दिसलें. काम थांबलें, तारा गेल्या, आणि ब्राउन, रॉबर्ट्स व किडर यांनीं तें जागेवर पाहिलें. आपल्याकडील महजराची रीत याहून निराळी ती काय? वादाची वस्तु, तिचें स्थान आणि साक्षीदार एकत्र आले. आपणच सांगितलेली कसोटी उतरल्यावरही हर्डलिच्कांचें मन वळलें नाहीं, हा दोष मात्र त्यांच्या पदरीं घातलाच पाहिजे.

हाडांचें वय पुढें किरणोत्सर्गी कर्बावरून सुमारें साडेबारा हजार वर्षें ठरलें. तें पात्यासही लागू झालें तें दोहोंच्या संयोगामुळें. दगडास स्वतःचें वय सांगतां येत नाहीं. क्लोव्हिसजवळ ब्लॅकवॉटर ड्रॉ येथें महागजाच्या हाडांशीं आखूड पन्हळीचीं पातीं सांपडलीं. तीं फॉल्समच्या पात्यांहून जुनीं, हाही निर्णय तेथील थरांच्या क्रमानेंच झाला.

म्हणून संग्राहकांच्या पेट्यांतील, ठिकाण न नोंदलेलीं सुंदर पातीं आम्हांस रुमालांतून उपसलेल्या पुष्पिकाहीन पानांसारखीं वाटतात. त्यांतून आजचे कुशल कारागीर जाणत्यांसही फसवितील अशीं पातीं घडवितात. तेव्हां नुसत्या आकारावरून अस्सलपणा ठरविणें धोक्याचें. पातें कोणत्या थरांत, किती खोलीवर, कशाशेजारीं मिळालें हें टिपून ठेवण्यास एक कागदाचा तुकडा पुरतो. डेन्व्हरच्या संग्रहालयांत तें १९२७ चें पातें अद्याप बरगड्यांसकट त्याच मातींत बसविलेलें आहे.