गिरणगांवच्या कैफियती आणि अस्सल कागद

नीरा आडारकर व मीना मेनन यांनीं मुंबईच्या गिरणी कामगारांच्या सुमारें शंभर तोंडी कैफियती जमवून ‘वन हंड्रेड इयर्स, वन हंड्रेड व्हॉइसेस’ हा इंग्रजी ग्रंथ २००४ सालीं कलकत्त्याच्या सीगल बुक्सतर्फे प्रसिद्ध केला. राजनारायण चंदावरकर यांची विस्तृत प्रस्तावना त्यास जोडलेली आहे. जुन्या दफ्तरांत रमणाऱ्या वाचकांस हा विषय परका वाटण्याचा संभव आहे. परंतु त्यांतील मुख्य प्रश्न आपल्या ओळखीचाच आहे. राजवाड्यांनीं बखरींहून अस्सल पत्रांस श्रेष्ठ मानलें. मग या नव्या बखरींस पुरावा म्हणून किती मोल द्यावयाचें?

प्रथम गुण सांगणें उचित होय. गिरणीमालकांचे अहवाल व पोलीसखात्याचे कागद संपांत किती माणसें होतीं हें सांगतात. तीं जेवलीं कोठें, हें सांगत नाहींत. चाळ, खाणावळ, व्यायामशाळा, शाहिरांचीं पथकें आणि कोंकणांतील किंवा देशावरील घरची शेती यांच्या आधारावर महिनोन् महिने संप कसा तगला, हें या कैफियतींवरून कळतें. असा मजकूर कोणत्याहि सरकारी दफ्तरांत सांपडावयाचा नाहीं. संपादिकांचे हे श्रम इतिहासावर उपकार करणारे आहेत.

दोष आहे तो कालक्रमाच्या बाबतींत. कैफियत देणाऱ्यास शेवट आधींच ठाऊक असतो व त्या शेवटाचा रंग सर्व आठवणींस चढतो. १८ जानेवारी १९८२ रोजीं दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखालीं सुमारें अडीच लाख कामगारांचा संप सुरू झाला; तो रीतसर मागें असा कधींच घेतला गेला नाहीं. संपानें गिरण्या बुडविल्या असें एक पक्ष म्हणतो. मालकांनीं बुडविल्या असें दुसरा म्हणतो. केवळ कैफियतींवरून हा वाद मिटणार नाहीं. शकावली मांडून पाहावी. विणकामाचा ओघ भिवंडी, मालेगांव, इचलकरंजी येथील यंत्रमागांकडे संपापूर्वींच वळूं लागला होता. १९८३ सालीं सरकारनें मुंबईच्या १३ गिरण्यांचा कारभार हातीं घेतला. १९९१ सालीं देशाचें नवें आर्थिक धोरण आलें व त्याच वर्षीं मुंबईच्या विकास नियंत्रण नियमावलींतील ५८ व्या नियमानें गिरण्यांच्या जमिनींचा कांहीं अटींवर विकास करण्यास वाट मिळाली. २००१ सालच्या दुरुस्तीनें सार्वजनिक वांट्यास येणारी जमीन फारच घटली. ती दुरुस्ती सर्वोच्च न्यायालयानें २००६ सालीं कायम केली. संपाचा आरंभ व ५८ वा नियम यांमध्यें नऊ वर्षें आहेत. जागतिकीकरण गिरणगांवांत मुख्यतः जमिनीच्या भावाच्या रूपानें आलें, असें या क्रमावरून आम्हांस दिसतें. कापडापेक्षां जागा महाग झाली, तेव्हां कामगारांचें जुनें हत्यार बोथट झालें. बंद गिरणींत संप कसला करावयाचा? म्हणूनच चळवळीची मागणी वेतनाकडून घराकडे वळली.

आणि येथेंच कागदाचें मोल प्रत्ययास येतें. २८ जून २०१२ रोजीं गिरणी कामगारांसाठीं ६,९२५ घरांची पहिली सोडत निघाली. १ जानेवारी १९८२ रोजीं किंवा त्यानंतर आपण गिरणींत कामास होतों, हें अर्जदारानें सिद्ध करावयाचें होतें. तिकीट, हजेरीपटाचा उतारा, भविष्यनिर्वाह निधीचा क्रमांक अशा चिठोऱ्यांवर घराचा हक्क अवलंबून राहिला. केवळ आठवणीवर घर मिळत नाहीं.

ही उणीव जुनीच आहे. नारायण मेघाजी लोखंडे यांच्या पुढाकारानें १८८४ सालीं झालेल्या अर्जावर सुमारें ५,५०० कामगारांच्या सह्या होत्या; त्यांतील रविवारच्या सुटीची मागणी १८९० सालीं मान्य झाली. पण त्यांच्या मिलहँड्स असोसिएशनास सभासदांची यादी, निधि वा नियम नव्हते, असें १८९२ च्या सरकारी अहवालांत नमूद आहे. एवढी मोठी चळवळ, आणि तिचें स्वतःचें दफ्तर नाहीं.

तात्पर्य, हा ग्रंथ संग्रहीं अवश्य ठेवावा. मात्र त्यांतील प्रत्येक कैफियत समकालीन कागदाशीं ताडून वापरावी. आणि ते कागद आहेत तरी कोठें? चाळींतील खोल्यांत व गांवच्या पेट्यांत वर्गणीच्या पावत्या, हस्तपत्रकें, पगाराचीं पाकिटें अद्याप पडून असावींत. मोडीच्या रुमालांसाठीं गांवोगांव हिंडणाऱ्या संग्राहकांनीं वाळवी लागण्यापूर्वीं तिकडेहि वळावें.